सिकलसेल (नाशिकचा आदिवासी पट्टा)

सिकलसेल हा रक्ताचा आनुवंशिक आजार. नाशिक जिल्ह्यात सुरगाणा, पेठ, कळवण, त्र्यंबकेश्वर या पश्चिमेच्या आदिवासी भागात त्याचे पेशंट आढळतात. जवळच्या नंदुरबार जिल्ह्यात प्रमाण याहून जास्त मानलं जातं.

हिमोग्लोबिनच्या बीटा नावाच्या प्रथिन-साखळीत ६व्या जागी ग्लुटामिक ॲसिड या अमिनो आम्लाऐवजी व्हॅलिन हे दुसरं येतं, मूळ बिघाड एवढाच. पण ऑक्सिजन कमी पडला की हे हिमोग्लोबिन एकमेकांना चिकटून लांब दोरे बनवतं, मग गोल, लवचिक तांबडी पेशी विळ्यासारखी वाकडी आणि ताठ होते आणि बारीक रक्तवाहिन्यांत अडकून बसते. चांगली पेशी साधारण १२० दिवस टिकते, ही १०-२० दिवसांतच फुटते. रक्त अडतंही आणि कमीही होतं, लक्षणं सगळी यातूनच.

गर्भातलं वेगळं हिमोग्लोबिन अजून उरलेलं असतं, म्हणून पहिले सहाएक महिने बाळ ठीक दिसतं. मग हातापायांची बोटं टम्म सुजतात, बाळ हात लावू देत नाही, किरकिर करतं. पुढे हाडं, पाठ, छाती, पोट भयंकर ठणकतं, डोळे पिवळे होतात, चालताना धाप लागते, आणि घरचे कधी संधिवात समजतात तर कधी कावीळ म्हणून झाडपाला देतात, त्यात फार वेळ जातो. लहान मुलाची पानथरी (प्लीहा) अचानक वाढली किंवा जोराचा ताप आला तर थांबूच नये, दवाखाना गाठावा. थंडी, कमी पाणी पिणं, इन्फेक्शन, अतिश्रम यांनी दुखणं उसळतं. हिवाळ्यात दिंडोरी-निफाडच्या द्राक्षबागांत मजुरीला उतरणाऱ्यांना यातलं बरंचसं एकदम वाट्याला येतं.

या बिघडलेल्या जनुकाच्या उगमाबद्दल मात्र वाद आहे. डॉक्टर हेरिकने शिकागोत १९१० साली या आजाराचं पहिलं वर्णन छापलं, भारतात लेहमन आणि कटबुश या संशोधकांना निलगिरीच्या आदिवासींत तो १९५२ च्या सुमारास सापडला. १९८० च्या दशकात जनुकाभोवतीच्या खुणा तपासून आफ्रिकेतले चार आणि एक अरब-भारतीय असे वेगवेगळे उगम मांडले गेले. २०१८ च्या एका विश्लेषणाने एकच उगम, तोही अंदाजे ७,३०० वर्षांपूर्वीचा, असं सुचवलं. पण ते मुख्यतः आफ्रिकी वंशाच्या नमुन्यांवर बेतलेलं, त्यामुळे भारतीय उगम वेगळा हे मत अजून सोडण्यासारखं वाटत नाही. जनुक टिकलं ते बहुधा मलेरियामुळे: वाहकाला (आई-वडिलांपैकी एकाकडूनच हे जनुक आलेल्याला) गंभीर फाल्सिपारम मलेरियापासून, म्हणजे मलेरियाच्या घातक प्रकारापासून, बरंच संरक्षण मिळतं, हे संशोधक ॲलिसनने १९५४ मध्ये दाखवलं. अरब-भारतीय प्रकारात गर्भातलं हिमोग्लोबिन जास्त उरतं म्हणून तो सौम्य, असं सरसकट लिहिलं जातं, पण नागपूरकडच्या मुलांच्या अभ्यासांत बराच तीव्र आजार दिसलाय, तेव्हा ‘सौम्य’ शब्द जपूनच वापरावा.

तपासणी सोपी आहे. थेंबभर रक्त सोल्युबिलिटी टेस्टच्या द्रावणात टाकतात, नळीमागच्या कागदावरच्या रेघा दिसेनाशा झाल्या तर रिपोर्ट पॉझिटिव्ह. पण वाहक आणि रुग्ण यातला फरक यात कळत नाही, त्याला इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी ही हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करून दाखवणारी लॅब-तपासणी लागते. नवरा-बायको दोघं वाहक असतील तर प्रत्येक खेपेला मूल रुग्ण असण्याची शक्यता २५ टक्के, म्हणून लग्नाआधीच तपासून घ्यावं. वाहकाला सहसा काही त्रास नसतो. रुग्णांना हायड्रॉक्सीयुरिया या औषधाने दुखण्याचे झटके कमी होतात. २०१६ च्या दिव्यांग कायद्यातही हा आजार धरलेला आहे.