शीतप्रकाश

उष्णतेवाचून निर्माण होणारा, विशेषतः सजीवांपासून निघणारा प्रकाश. निसर्गविचाराच्या इतिहासात या संकल्पनेचे महत्त्व जीवशास्त्रापुरते नाही. प्रकाश हा अग्नीचाच गुण, ही समजूत फार जुनी आणि अनुभवाला धरून होती. दिवा, निखारा, सूर्य सगळेच तापतात. काजवा आणि कुजके लाकूड या समजुतीच्या आड येत, पण खरी अडचण केली ती समुद्राने. वल्ह्याच्या फटक्यासरशी पाणीच उजळते, आणि पाणी तर अग्नीचे वैरी. तिथे पळवाट उरत नव्हती.

ॲरिस्टॉटलने फक्त अंधारात दिसणाऱ्या वस्तूंची वेगळी जात मानली. तीत अळंबी, माशांची डोकी, खवले आणि डोळे येतात. या उजेडात वस्तूचा स्वतःचा रंग दिसत नाही, असे त्याने नोंदले. हे निरीक्षण चोख आहे. इतक्या मंद प्रकाशात डोळ्यातल्या दंडपेशीच काम करतात आणि त्यांना रंगांतला भेद कळत नाही. मुळात निळी असलेली दीप्तीही म्हणूनच अनेकदा राखाडी-पांढरी भासते. खडकात बीळ करून राहणारा फोलास हा शिंपला खाणाऱ्याच्या तोंडात, हातांवर आणि जमिनीवर सांडलेल्या थेंबांतही चमकतो, असे प्लिनीने लिहिले. फ्रान्सिस बेकनने १६२० मध्ये उष्णतेचे स्वरूप शोधताना ‘उजेड आहे, पण ऊब नाही’ अशा उदाहरणांत वल्ह्यांखाली चमकणारे खारे पाणी धरले.

इथपर्यंतचा विचार निरीक्षणावर चालला. रॉबर्ट बॉइलने तो प्रयोगावर आणला आणि १६६८ मध्ये प्रसिद्ध केला. चमकणारे कुजके लाकूड आणि मासा काचेच्या पात्रात ठेवून त्याने हवा उपसली. उजेड मंदावत गेला आणि हवा आत सोडताच परतला. निखाऱ्याशी केलेली तुलना त्याहून मोलाची: हवेविना निखारा काही मिनिटांत कायमचा विझतो, लाकूड मात्र बऱ्याच वेळानेही पुन्हा उजळते. दोघांनाही हवा लागते, तरी दोघे एक नव्हेत. ऑक्सिजनची ओळख व्हायला अजून शंभर वर्षे होती, हे ध्यानात घेतले म्हणजे या प्रयोगाची उंची कळते.

समुद्राचा उजेड विजेचा असावा, मीठ आणि पाणी घासून तो निघत असावा, असे बेंजामिन फ्रँकलिनला आधी वाटत होते. जेम्स बाउडिन याने १७५३ च्या सुमारास सूक्ष्म प्राण्यांकडे बोट दाखवले. कापडातून गाळलेले पाणी चमकत नाही, हा त्याचा पुरावा. फ्रँकलिनने ही शक्यता मान्य केली.

गाळण्याची ही कसोटी आजही उपयोगाची आहे, पण ती जपून वापरावी लागते. नॉक्टिल्युका हा चमकणारा एकपेशीय समुद्री जीव ०.२ ते २ मिलिमीटरचा असतो, तो बारीक विणीच्या कापडात अडकतो. त्याच्याच गटातले, म्हणजे डायनोफ्लॅजेलेट या एकपेशीय जीवांपैकी, इतर अनेक त्याहून खूपच लहान असतात. त्यांना गाळणकागद लागतो. जिवाणू एक-दोन मायक्रोमीटरचे असतात आणि साध्या गाळणकागदातूनही निसटतात. म्हणून गाळलेले पाणी चमकले तर ‘सजीव नाहीत’ असा निष्कर्ष काढू नये. तपासायच्या पाण्याने बाटली अर्धीच भरावी, अंधारात वीस-तीस मिनिटे डोळे सरावू द्यावेत, मग हलवावी. डायनोफ्लॅजेलेट असतील तर सुमारे दशांश सेकंदाचे झगमगाट होऊन पाणी पुन्हा काळे पडते. जिवाणूंचा उजेड न हलवताही टिकून राहतो. सारखे हलवत राहिल्यास झगमगाट फिका पडतो, तेव्हा बाटली स्वस्थ ठेवावी. दिवसा अंधाऱ्या खोलीत प्रयोग फसला तर नमुना मेला असे समजू नये. अनेक जातींचे अंतर्गत घड्याळ उजेड रात्रीसाठीच राखते. व्हिनेगरचे थोडे थेंब टाकले तर आम्लामुळे पेशी एकदम उजळतात, पण नंतर मरतात. ही कसोटी शेवटीच घ्यावी.

राफाएल द्युब्वा याने १८८५ मध्ये प्रकाशमान भुंग्यावर आणि १८८७ मध्ये फोलासवर केलेल्या कामाने प्रकाश जिवापासूनही सुटा केला. प्रकाश देणाऱ्या ऊतीचा एक भाग गार पाण्यात वाटून उजेड मावळेपर्यंत ठेवायचा. दुसरा भाग कढत पाण्यात टाकायचा. त्याचा उजेड तत्काळ जातो. दोन्ही अर्क काळे झाले की एकत्र करायचे, आणि उजेड परततो. गार अर्कात ल्युसिफेरेज हे विकर (एन्झाइम) शिल्लक असते, पण इंधन संपलेले असते. कढत अर्कात ल्युसिफेरिन हे इंधन उरते, विकर मात्र उष्णतेने नष्ट झालेले असते. चुका होतात त्या घाईमुळे. कढत अर्क निवण्याआधी मिसळला तर गार अर्कातले विकरही जाते. तो हवेत फार वेळ ठेवला तर ल्युसिफेरिन आपोआप ऑक्सिडीकृत होते. शिवाय वेगवेगळ्या गटांची ल्युसिफेरिने वेगवेगळी असतात, त्यामुळे एका जातीचा अर्क दुसरीच्या अर्काशी न जुळणे ही प्रयोगाची चूक नव्हे.

‘प्रकाशाला हवा हवीच’ या बॉइलच्या प्रयोगातून निघालेल्या नियमाला अपवाद निघाला तो जेलीफिशचा. ओसामु शिमोमुरा यांनी १९६१ मध्ये एक्वोरिया जेलीफिशच्या कडा कापून अर्क काढला आणि आम्ल घालून त्याचा उजेड थोपवला. नंतर अर्क बेसिनमध्ये ओतला, तर आतून निळा लोळ उठला. बेसिनमध्ये मत्स्यालयातले समुद्राचे पाणी येत होते आणि त्यातल्या कॅल्शियमने काम केले होते. या एक्वोरिन प्रथिनाने ऑक्सिजन आधीच बांधून ठेवलेला असतो, त्यामुळे चमकताना त्याला बाहेरची हवा लागत नाही. याच प्राण्यातल्या हिरव्या प्रथिनासाठी शिमोमुरा यांना २००८ चे रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक मार्टिन चॅल्फी आणि रॉजर चेन यांच्यासह मिळाले.