निरवकाश : ज्याला दुसरीकडे जागा नाही

‘सावकाश’ हा शब्द मराठीत रोजचा. पंगतीत ‘सावकाश होऊ द्या’, निरोप घेताना ‘सावकाश जा’. त्याचा जोडीदार ‘निरवकाश’ मात्र बोलण्यात येत नाही आणि लिहिण्यातही क्वचितच भेटतो. दोन्ही विशेषणे एकाच नामापासून निघाली आणि शास्त्रग्रंथांत शेकडो वर्षे जोडीने वावरली. पुढे एक बोलीत मिसळून गेले, दुसरे शास्त्रातच राहिले. निरवकाशचा अर्थ नेमका कळायला ही फारकत मुळापासून पाहावी लागते, कारण ‘जागा नसलेला’ हा त्याचा सरळ वाटणारा अर्थ अपुरा आहे.

मूळ नाम अवकाश. ‘काश्’ म्हणजे प्रकाशणे, दिसणे. आकाश आणि प्रकाश हे शब्दही याच धातूचे. त्याला ‘अव’ उपसर्ग लागून झालेला अवकाश म्हणजे मोकळी जागा, फट, दोन गोष्टींमधले अंतर. संस्कृतात तो लवकरच भौतिक जागेपुरता उरला नाही. ‘अवकाशं दा’ म्हणजे वाट देणे, जागा करून देणे. ‘लब्धावकाश’ म्हणजे ज्याला संधी मिळाली तो. शाकुंतलाच्या पहिल्या अंकात दुष्यंत आपल्या मनोरथाला हेच विशेषण लावतो. मनोरथाला लागणारी जागा हातांनी मोजण्याची नव्हे. निरवकाशचा संबंध अशाच अमूर्त जागेशी आहे.

तत्त्वज्ञानात अवकाश हे आकाशाचे कार्य मानले गेले. जैनांच्या तत्त्वार्थसूत्राच्या पाचव्या अध्यायात आकाशाचे काम एका शब्दात सांगितले आहे : अवगाह, म्हणजे इतर द्रव्यांना सामावून घेणे. वैशेषिक या दर्शनाच्या अनुयायांची वाटणी वेगळी. त्यांच्या मते आकाश हा शब्दगुणाचा आश्रय आहे, आणि ‘इकडे-तिकडे’ हा व्यवहार ‘दिक्’ या स्वतंत्र द्रव्यामुळे चालतो. निरवकाश हे विशेषण मात्र या चर्चेतून आलेले नाही. त्याला पारिभाषिक धार चढली ती व्याकरणात आणि मीमांसेत, म्हणजे वेदवाक्यांचा अर्थ लावण्याच्या शास्त्रात, जिथे जागा पदार्थाला नव्हे, नियमाला हवी असते.

पाणिनीच्या अष्टाध्यायीत सुमारे चार हजार सूत्रे आहेत. एकाच ठिकाणी दोन सूत्रे लागू पडण्याचे प्रसंग त्यात वारंवार येतात. त्यावर पाणिनीनेच सूत्र दिले आहे : ‘विप्रतिषेधे परं कार्यम्’ (१.४.२). विरोध आला तर नंतरचे सूत्र लावावे. पण विरोध कशाला म्हणायचे? वैयाकरणांचे उत्तर असे की दोन्ही नियम तुल्यबल असले, म्हणजे प्रत्येकाला दुसरीकडे स्वतःचे क्षेत्र असले, तरच तो विप्रतिषेध. हे क्षेत्र म्हणजे त्या नियमाचा अवकाश. तो ज्याला आहे तो नियम सावकाश, ज्याला नाही तो निरवकाश. अष्टाध्यायीवरच्या पतंजलीच्या महाभाष्यात याच अर्थाने ‘अनवकाश’ हा शब्दही येतो.

शाळेत पाठ केलेली रूपे इथे उपयोगी पडतात. ‘सुपि च’ (७.३.१०२) या सूत्राने य, भ अशा ठरावीक वर्णांनी सुरू होणाऱ्या विभक्तिप्रत्ययापुढे अकारान्त शब्दाचा शेवटचा अ दीर्घ होतो : राम + भ्याम् = रामाभ्याम्. ‘बहुवचने झल्येत्’ (७.३.१०३) या सूत्राने भ, स अशा ठरावीक व्यंजनांनी सुरू होणाऱ्या बहुवचनी प्रत्ययापुढे त्या अ चा ए होतो : राम + सु = रामेषु. आता राम + भ्यस् घ्या. भ्यस् हा भ ने सुरू होतो आणि बहुवचनीही आहे, म्हणून दोन्ही सूत्रे त्यावर हक्क सांगतात. पहिल्याला रामाभ्याम् मध्ये स्वतंत्र जागा आहे, दुसऱ्याला रामेषु मध्ये. दोन्ही सावकाश, म्हणून नंतरचे सूत्र लागते आणि रूप होते रामेभ्यः.

निरवकाशाचे उदाहरण संधीतून घेऊ. ‘वृद्धिरेचि’ (६.१.८८) हा सामान्य नियम : अ किंवा आ पुढे ए आला तर दोहोंचा मिळून ऐ. सदा + एव = सदैव. त्याला ‘एङि पररूपम्’ (६.१.९४) हा अपवाद : अकारान्त उपसर्गापुढे ए किंवा ओ ने सुरू होणारा धातू आला तर ऐ-औ न होता पुढचा स्वर तसाच राहतो. प्र + एजते = प्रेजते. या हिशेबाने उप + एति चे रूप ‘उपेति’ व्हायला हवे. प्रत्यक्षात ते ‘उपैति’ होते, कारण ‘एत्येधत्यूठ्सु’ (६.१.८९) हे सूत्र एति आणि एधति यांच्यासाठी पुन्हा वृद्धी, म्हणजे ऐ, सांगते.

या उदाहरणातली गोम सूत्रांच्या क्रमात आहे. ८९ क्रमांकाचे सूत्र आधीचे, ९४ क्रमांकाचे नंतरचे. ‘नंतरचे बलवान’ हाच नियम लावला असता तर ९४ जिंकले असते. पण ८९ मधल्या एति-एधति या भागाची अवस्था पाहा. उपसर्ग नसेल तर साध्या वृद्धिरेचि ने ऐ मिळतोच, वेगळे सांगण्याची गरज नाही. उपसर्ग असेल तर तिथे ९४ हजर. म्हणजे ९४ ला जागा सोडली तर या भागाला काम करायला कुठेच जागा उरत नाही, आणि सूत्रकाराने तो उगाच लिहिला असे म्हणावे लागते. ९४ ला मात्र प्रेजते सारखी इतर रूपे आहेत. म्हणून आधीचे असूनही ८९ वरचढ ठरते.

निरवकाश या शब्दाचा सगळा अर्थ या युक्तिवादात आहे. ज्याला दुसरीकडे जागा नाही तो इथे दुबळा नसतो. इथली जागा त्यालाच द्यावी लागते. ‘निरवकाश विधी सावकाश विधीला बाधतो’, म्हणजे निरवकाश नियम सावकाश नियमाला बाजूला सारतो, असे शास्त्रकार म्हणतात ते याच अर्थाने. अभावातून हक्क निर्माण करणारी अशी विशेषणे भाषेत फार थोडी. कोशात केवळ ‘जागा नसलेला’ एवढाच अर्थ वाचून शास्त्रग्रंथ उघडणारा वाचक त्यामुळेच गोंधळतो : जागा नाही म्हणता, आणि जिंकतोही हाच?

परंपरेने या तत्त्वाला मर्यादाही घातल्या. दोन मर्यादा विशेष महत्त्वाच्या. पहिली तक्रकौंडिन्यन्यायाची. महाभाष्यातले लौकिक उदाहरण असे : ब्राह्मणांना दही द्या, कौंडिन्याला ताक. कौंडिन्यही ब्राह्मणच. त्याला दही आणि ताक दोन्ही देणे अशक्य नाही, ताकाची आज्ञा त्याने वाया जात नाही. तरीही ऐकणारा दही देत नाही. पतंजली म्हणतो, शक्यता असतानाही बाध होतो. म्हणजे विशेष नियमाचे बळ केवळ निरवकाश असण्यावर उभे नाही; सामान्य नियम जिथे हटकून पोचतोच अशा जागी मुद्दाम दुसरे काही सांगणे, हे बाधाचे वेगळे कारण आहे. काटेकोर लेखनात ही दोन कारणे वेगळी ठेवतात.

दुसरी मर्यादा एका परिभाषेत, म्हणजे सूत्रे कशी लावायची हे सांगणाऱ्या नियमात, सांगितली आहे : अपवाद जर दुसरीकडे चरितार्थ असेल, तर तो अंतरंग नियमापुढे, म्हणजे ज्याची कारणे शब्दात अधिक आतली आहेत अशा नियमापुढे, हरतो. चरितार्थ म्हणजे ज्याचे प्रयोजन पार पडले आहे असा. (मराठीत ‘चरितार्थ’ पोटापाण्यावर आला, सावकाशप्रमाणे हाही शास्त्रातून घरात आलेला शब्द.) याचा अर्थ, निरवकाशपणा नियमाला जन्मभरासाठी चिकटलेला नसतो. तो त्या वादापुरता, त्या प्रतिस्पर्ध्यापुरता तपासायचा असतो. एकाच नियमाला एकासमोर निरवकाश आणि दुसऱ्यासमोर सावकाश म्हणणे यात विसंगती नाही.

या परिभाषांची जी मांडणी आज अभ्यासली जाते ती प्रामुख्याने नागेशभट्टांच्या परिभाषेंदुशेखरातली. नागेशभट्ट हे काळे घराण्यातले मराठी पंडित, पण त्यांची हयात काशीत गेली. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात शिकवणाऱ्या कीलहॉर्न यांनी १८६८ मध्ये हा ग्रंथ मुंबईच्या संस्कृत मालेत छापला, पुढे त्याचा इंग्रजी अनुवाद केला. महाभाष्य मराठीत आणण्याचे मोठे काम वासुदेवशास्त्री अभ्यंकरांनी केले. मराठी गद्यात निरवकाश हा शब्द कुठे नेमका वापरलेला पाहायचा असेल, तर त्या भाषांतरासारखी दुसरी जागा नाही.

मीमांसा आणि वेदान्तातही हाच युक्तिवाद चालतो. ब्रह्मसूत्राच्या दुसऱ्या अध्यायाचे पहिलेच सूत्र ‘स्मृत्यनवकाशदोषप्रसङ्ग…’ असे सुरू होते. शंकराचार्यांच्या भाष्यात पूर्वपक्षी, म्हणजे आक्षेप घेणारा, म्हणतो : मनू इत्यादींच्या स्मृती धर्माचरण सांगतात, त्या तिथे सावकाश आहेत; सांख्यांच्या कपिलाची स्मृती केवळ मोक्षाचे ज्ञान सांगते, तिला आचरणाच्या प्रांतात जागा नाही; म्हणून वेदान्तवाक्यांचा अर्थ तिला धरून लावा, नाहीतर ती निरर्थक ठरेल. सूत्रकाराचे उत्तर त्याच शस्त्राने : तसे केले तर ईश्वराला जगाचे कारण मानणाऱ्या इतर स्मृती अनवकाश होतील. निरवकाशपणाचा दावा दोन्ही बाजूंना करता येत असेल तर त्यावर निकाल लागत नाही, दुसरे प्रमाण शोधावे लागते. इथे ते प्रमाण श्रुतीचे.

मराठीत काय झाले? अवकाश शब्दाची काळाची बाजू जोरात आली. ‘गाडीला अजून अवकाश आहे’ यात अंतर वेळेचे आहे. सावकाश म्हणजे हाताशी वेळ असलेला, आणि वेळ असलेला माणूस घाई करत नाही, म्हणून सावकाश म्हणजे हळू. अर्थ एवढा सरकला की त्यात ‘अवकाश’ आहे हे आता मुद्दाम दाखवावे लागते. शेजारच्या भाषांत हेच नाम वेगवेगळ्या दिशांना गेले : हिंदीत सुट्टी, कानडी-तेलुगूत संधी, बंगालीत फुरसत. मराठीने काळ ठेवलाच, शिवाय आधुनिक विज्ञानासाठी जागेचा अर्थ पुन्हा पुढे आणला. अवकाशयान, अवकाश-काल, गणितातला सदिश अवकाश हे त्याचे नमुने. या नव्या परिभाषेत विशेषण लागते तेव्हा ‘अवकाशीय’ घेतात, निरवकाश नाही, आणि ते योग्यच आहे.

निरवकाश वापरताना होणाऱ्या चुकांपैकी पहिली लेखनाची. ‘निरावकाश’ असे लिहिलेले आढळते. सावकाश मधला ‘सा’ हा स + अवकाश यांच्या दीर्घसंधीचा. तो पाहून दुसरीकडेही दीर्घ येतो. पण निः + अवकाश मध्ये विसर्गाचा र होतो आणि त्यात अवकाश चा ऱ्हस्व अ मिसळतो, म्हणून ‘निरवकाश’. न + अवकाश चे ‘अनवकाश’ होते, तिथेही दीर्घ नाही. विशेषण लिंगवचनाने बदलत नाही : निरवकाश नियम, निरवकाश तरतूद, निरवकाश विधाने. भाववाचक नाम निरवकाशता किंवा निरवकाशत्व. ‘निरवकाशी’ हे रूप टाळावे.

अर्थाची चूक अधिक महाग पडते. खच्चून भरलेल्या खोलीला निरवकाश म्हणणे व्युत्पत्तीने चालेल, पण तिथे ‘दाटीची’ हा चांगला शब्द मराठीत आहे. हवा काढून घेतलेल्या नळीला म्हणू नये. ती निर्वात, आणि तिच्यात अवकाशच अवकाश आहे. कामात गढलेल्या माणसालाही नको. त्याला सवड नाही एवढेच. हा शब्द तिथे वापरावा जिथे दोन दावे एकाच जागेसाठी भांडत आहेत आणि एकाला दुसरीकडे जाता येत नाही.

तसे आहे की नाही हे तपासण्याची रीत वैयाकरणांचीच. दोन्ही नियमांची क्षेत्रे वेगवेगळी लिहून काढा. समाईक भाग बाजूला ठेवा. मग प्रत्येक नियमाला त्या भागाबाहेर निदान एक खरे उदाहरण आहे का ते पाहा. समजा, एका संस्थेचा नियम आहे : ‘सर्व विभाग रविवारी बंद.’ दुसरा : ‘चौकशी कक्ष रविवारी सुरू.’ दुसऱ्या नियमाला रविवारखेरीज काहीच नाही, तो निरवकाश. पहिल्याला बाकीचे विभाग आहेत. कक्ष उघडा राहील. आता दुसरा नियम थोडा बदला : ‘चौकशी कक्ष रोज सुरू.’ ऐकायला तो आधीच्या रूपाइतकाच ठाम, किंबहुना अधिक ठाम आहे. पण त्याला सोमवार ते शनिवार सहा दिवस मोकळे आहेत. रविवार गेला तरी तो वाया जात नाही. तो सावकाश झाला, निरवकाशतेच्या जोरावर रविवार मागण्याचा त्याचा हक्क संपला, आणि तंटा सोडवायला नंतरचा नियम कोणता, करणाऱ्याचा हेतू काय, असे दुसरे काही पाहावे लागेल.

‘रविवारी’ च्या जागी ‘रोज’ हा एक शब्द आला, आणि विशेषण उलटले. नियम जितका ऐसपैस लिहावा तितकी त्याची विशिष्ट जागी पकड सुटते, हे मसुदा लिहिणाऱ्यांच्या ध्यानात येत नाही. ‘रोज’ लिहिले की रविवार आपोआप पक्का झाला असे त्यांना वाटते.