सारायाकू: जमीन गावाची, पोटातलं तेल सरकारचं

हेलेना ग्वालिंगाचा जन्म २७ फेब्रुवारी २००२चा. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात तिच्या आजोळच्या जंगलात तेल कंपनीची माणसं सुरुंगाची दारू पुरत होती. गावाचं नाव सारायाकू. इक्वेडोरच्या पास्तासा प्रांतात, बोबोनासा नदीकाठी. रस्ता नाही. जायचं तर होडीने, नाहीतर छोट्या विमानाने. वस्ती साधारण बाराशे, भाषा किच्वा. हेलेनाची आई इथली, वडील फिनलंडचे. डिसेंबर २०१९मध्ये माद्रिदच्या हवामान परिषदेत सतरा वर्षांच्या या मुलीने आपल्याच सरकारला धारेवर धरलं, तेव्हा तिची तुलना स्वीडनची हवामान कार्यकर्ती ग्रेटा थुनबर्गशी झाली. मला ती तुलना आळशी वाटते. हेलेनाला हे भांडण घरातूनच मिळालं आहे, आणि त्याची मेख तिच्या जन्माच्या दहा वर्षं आधीच्या एका कागदात आहे.

त्या कागदाआधी थोडं मागे जायला हवं. उत्तर इक्वेडोरच्या जंगलात १९६७ साली टेक्साको या अमेरिकी कंपनीला तेल लागलं. पुढच्या दोन दशकांत तिथे उघड्या खड्ड्यांत साचलेली काळी घाण आणि नासलेल्या नद्या यांच्या कहाण्या दक्षिणेपर्यंत पोचल्या होत्या. म्हणून १९८९मध्ये आर्को कंपनीच्या तेलशोधाची झळ लागू लागली, तेव्हा सारायाकूने बोलणी करायला आलेल्या अधिकाऱ्यांना गावातच अडकवून ठेवलं. करारावर सह्या झाल्या, मगच सोडलं.

एप्रिल १९९२मध्ये पूयो शहरातून सुमारे दोन हजार माणसं राजधानी कीटोकडे पायी निघाली. कोलंबस अमेरिकेत उतरल्याला पाचशे वर्षं होत होती, त्या मुहूर्तावर हा मोर्चा. जंगलाच्या उष्ण हवेतली माणसं अँडीज चढून २,८०० मीटरवरच्या थंडीत पोचली. सरकार नमलं. १२ मे रोजी जमिनीचे हक्क मिळाले, त्यात सारायाकूच्या वाट्याला सुमारे १ लाख ३५ हजार हेक्टर. आपल्या भाषेत, सातबारा नावावर झाला. पण त्यात एक अट होती: जमिनीखालची संपत्ती सरकारची, आणि तिच्या शोधाला किंवा उपशाला गावाने आडकाठी करायची नाही.

चार वर्षांनी, १९९६मध्ये, सरकारने अर्जेंटिनाच्या सीजीसी कंपनीशी ‘ब्लॉक २३’ या तेलपट्ट्याचा करार केला. त्या दोन लाख हेक्टरांचा जवळपास ६५ टक्के भाग सारायाकूचा. गावाला कुणी विचारलं नाही. कंपनी मात्र आली: विकासकामांसाठी ६० हजार डॉलर आणि ५०० नोकऱ्या देऊ म्हणाली. जून २०००च्या ग्रामसभेने नकार दिला. मग औषधोपचाराचं पथक फिरलं. तपासून घ्यायचं तर यादीवर सही करावी लागे, आणि त्याच सह्या कंपनीला पाठिंबा म्हणून दाखवल्या गेल्या, असं गावाने पुढे न्यायालयात सांगितलं.

२००२च्या अखेरीस पथकं सरळ जंगलात घुसली. भूगर्भात स्फोट घडवायचे, परतणारे तरंग मोजायचे आणि त्यावरून तेलाचा अंदाज बांधायचा, अशी ही पद्धत. जवळपास १,४०० किलो स्फोटकं जमिनीत पुरली गेली. गावाने आणीबाणी जाहीर केली. शाळा, शेती सगळं थांबवून बायका-मुलांसह माणसं हद्दीवर तळ ठोकून बसली. तळांना नाव दिलं ‘शांती आणि जीवन’. चार ते सहा महिने हे चाललं. पोट भरायला होतं ते जंगलच.

प्रकरण आंतर-अमेरिकी मानवाधिकार न्यायालयात गेलं. हेलेनाची मावशी पॅट्रिशिया हिने साक्ष दिली. गावचे वृद्ध साबिनो ग्वालिंगा यांनी सांगितलं की स्फोटांमुळे जंगलाचे रखवालदार निघून गेले. किच्वात या जंगलाला ‘कावसाक साचा’, म्हणजे जिवंत जंगल, म्हणतात. जागृत देवस्थान किंवा देवराई जवळून पाहिलेल्याला हा शब्द फार समजावून सांगावा लागत नाही; न्यायाधीशांना लागला. एप्रिल २०१२मध्ये ते स्वतः सारायाकूत आले. चालू खटल्यातल्या जागी या न्यायालयाचे न्यायाधीश जाण्याची ती पहिलीच वेळ. तिथेच सरकारच्या प्रतिनिधीने जबाबदारी कबूल केली. २७ जूनच्या निकालाने सांगितलं की आधी, खरी माहिती देऊन, सरकारने स्वतः गावाशी बोलणं बंधनकारक आहे. ते काम कंपनीवर ढकलता येणार नाही. भरपाई १३ लाख ४० हजार डॉलर.

याच देशाने २००८च्या राज्यघटनेत निसर्गाला हक्क दिले होते. तरी निकालानंतर पाच महिन्यांतच, नोव्हेंबर २०१२मध्ये, सरकारने दक्षिणेकडच्या जंगलातल्या तेलपट्ट्यांचा नवा लिलाव पुकारला. मला तरी यात आश्चर्य वाटत नाही. मूळची अट तशीच होती: खालचं तेल सरकारचं. हेलेना तेव्हा दहा वर्षांची होती. २०२३मध्ये यासुनी राष्ट्रीय उद्यानातलं तेल जमिनीतच राहू द्यावं की नाही यावर सार्वमत झालं, त्याच्या प्रचारात ती होती. जवळपास ५९ टक्के लोकांनी ‘राहू द्या’ म्हटलं. विहिरी बंद करायला न्यायालयाने वर्षभराची मुदत दिली होती. सरकारने काम २०२९पर्यंत लांबवलं.

आणि सारायाकूत पुरलेली सुरुंगाची दारू? २००९मध्ये वरवरची १४ किलो काढली गेली. उरलेली गावाशी बोलून काढा, असा आदेश २०१२च्या निकालातच आहे. त्याची अंमलबजावणी व्हावी म्हणून गावाला २०१९मध्ये देशाच्या घटना न्यायालयाचं दार ठोठवावं लागलं. दारू पुरलेल्या भागात गावकऱ्यांनी शिकारीला जाणं सोडून दिलं.