पहिला जबाब आणि नंतरची खात्री

खुनाच्या खटल्यातील अपील ऐकणाऱ्या न्यायाधीशांसमोर साक्षीदार उभा नसतो. त्याचे वेळोवेळी नोंदवलेले जबाब, ओळखपरेडची नोंद, उलटतपासणीतील प्रश्नोत्तरे आणि खालच्या न्यायालयाचा निकाल, एवढेच कागद त्यांच्या हाती असतात. म्हणूनच, ज्यांनी साक्षीदाराला बोलताना पाहिले त्यांचे मत सबळ कारणाशिवाय बदलू नये, अशी अपील न्यायालयांची जुनी परंपरा आहे. साक्षीदार खोटे बोलत असेल तर या परंपरेत काही अर्थ आहे, असे म्हणता येईल. परंतु प्रामाणिक साक्षीदार ओळखण्यातच चुकला असेल, तर त्याच्या चेहऱ्यावरून काय कळणार?

स्कॉटलंडमधील ग्लासगो शहरात 21 डिसेंबर 1908 रोजी एका वृद्ध महिलेचा तिच्या घरात खून झाला. घरातील मोलकरणीने आणि शेजाऱ्याने एका माणसाला घरातून बाहेर पडताना पाहिले, तर चौदा वर्षांच्या एका मुलीने रस्त्यावर धावत जाणारा माणूस पाहिल्याचे सांगितले. मुलीने सांगितलेला कोटाचा रंग मोलकरणीच्या सांगण्याशी जुळेना. त्या माणसाचे नाक किंचित एका बाजूला वळलेले होते, असेही मुलगी म्हणाली. ही वर्णने इतकी वेगळी होती की पोलिसांनी सुरुवातीला दोन संशयितांची वर्णने प्रसिद्ध केली. पुढे ऑस्कर स्लेटर नावाचा संशयित न्यूयॉर्कमध्ये पकडला गेला आणि या दोघींना एकाच जहाजाने, एकाच केबिनमधून तिकडे नेण्यात आले. मुलीला त्याचे छायाचित्र आधीच दाखवले होते, आणि सुनावणीच्या जागी तो पहाऱ्यात त्यांच्यासमोरून गेला. दोघींनी त्याला ओळखले. 1909 च्या खटल्यात पंधरा ज्युरींपैकी नऊ जणांनी त्याला दोषी ठरवले. फाशी दोन दिवसांवर आली असताना शिक्षा जन्मठेपेत बदलली आणि तो अठरा वर्षांहून अधिक काळ तुरुंगात राहिला.

त्या मुली खोटे बोलत होत्या असे मानण्याची गरज नाही. 1974 मध्ये एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर या मानसशास्त्रज्ञांनी विद्यार्थ्यांना मोटारींच्या अपघाताची चित्रफीत दाखवली. काहींना ‘गाड्या एकमेकींवर आदळल्या तेव्हा वेग किती होता’ असे विचारले, तर काहींना याहून सौम्य क्रियापद वापरून तोच प्रश्न विचारला. आठवड्याने सर्वांना फुटलेल्या काचा दिसल्या का, असे विचारण्यात आले. चित्रफितीत काचा नव्हत्याच. तरीही जोरदार क्रियापद ऐकलेल्या 50 जणांपैकी 16 जणांनी ‘हो’ म्हटले; सौम्य क्रियापदाच्या गटात ही संख्या 7 होती. प्रश्नातील एक शब्द आठवणीत मिसळू शकतो, तर लांबच्या प्रवासातील सहवास आणि आधी पाहिलेले छायाचित्र किती मिसळत असेल, याचा विचार करावा.

माझ्या मते याहून गंभीर शोध 1998 चा आहे. गॅरी वेल्स आणि एमी ब्रॅडफील्ड या मानसशास्त्रज्ञांनी प्रयोगात सहभागी लोकांना दुकानातील सुरक्षा कॅमेऱ्याचे चित्रण दाखवले आणि त्यात दिसलेला बंदूकधारी ज्यात नव्हताच अशा छायाचित्रांतून त्याला निवडायला सांगितले. प्रत्येकाने कोणाला तरी निवडले, म्हणजे सगळेच चुकले. त्यांपैकी काहींना ‘छान, तुम्ही संशयितालाच ओळखलेत’ एवढेच सांगितले गेले. त्यानंतर या गटाची खात्री तर वाढलीच, शिवाय आपल्याला चेहरा नीट दिसला होता आणि आपण लक्षपूर्वक पाहत होतो, असेही ते इतरांपेक्षा अधिक ठामपणे सांगू लागले. म्हणजे साक्ष तपासण्यासाठी न्यायालय साक्षीदाराला जे प्रश्न विचारते, त्यांची उत्तरेच एका वाक्याने बदलली होती. उलटतपासणीचे हत्यार इथे बोथट होते, कारण साक्षीदार स्वतःला खरे वाटणारेच सांगत असतो.

अमेरिकेत डीएनए चाचणीमुळे दोषमुक्त झालेल्या पहिल्या 250 जणांचे खटले ब्रँडन गॅरेट या कायद्याच्या प्राध्यापकांनी तपासले. त्यांपैकी 190 जणांच्या खटल्यांत प्रत्यक्षदर्शींनी चुकीच्या माणसाला ओळखले होते. खटल्याचे कामकाज उपलब्ध असलेल्या प्रकरणांपैकी निम्म्याहून अधिक प्रकरणांत, आपल्याला सुरुवातीला खात्री नव्हती, हे साक्षीदारांच्याच तोंडून नोंदले गेले होते. कोर्टात मात्र तेच साक्षीदार ठाम होते.

याचा अर्थ डोळ्यांनी पाहिलेल्या साक्षीला किंमत नाही, असा मुळीच नाही. जॉन विक्स्टेड आणि वेल्स यांनी 2017 मध्ये दाखवून दिले की ओळखीची प्रक्रिया निष्पक्ष असेल, तर पहिल्याच वेळी, कोणीही काही सुचवण्यापूर्वी व्यक्त झालेली खात्री बरीच विश्वासार्ह असते. आठवण पुन्हा पुन्हा तपासली की दूषित होते. घटनास्थळावरच्या पुराव्याला दहा हात लागावेत, तसे. म्हणून अपील न्यायाधीशाने जबाब तारखेच्या क्रमाने वाचावेत आणि प्रत्येक नवा तपशील कोठून आला असेल हे शोधावे. या कामात कागद हेच त्याचे बळ आहे, कारण कोर्टातला ठाम आवाज त्याच्या कानावर पडलेला नसतो.

इंग्लंडच्या अपील न्यायालयाने टर्नबुल प्रकरणात 1976 मध्येच बजावले होते की चुकलेला साक्षीदारही अत्यंत पटण्याजोगा वाटू शकतो. किती वेळ, किती अंतरावरून, कशा उजेडात पाहिले आणि पहिले वर्णन प्रत्यक्ष आरोपीशी कितपत जुळते, हे पाहायला त्या न्यायालयाने सांगितले. मात्र प्रत्येक विसंगती दोष ठरत नाही. साक्षीदाराकडून छायाचित्रासारख्या स्मृतीची अपेक्षा करता येत नाही, असे भारताच्या सर्वोच्च न्यायालयाने 1983 मध्ये म्हटले, ते स्मृतिसंशोधनाशी जुळणारेच आहे. धक्क्याच्या क्षणी नेमकी वेळ किंवा उपस्थितांची संख्या निसटणे साहजिक असते. वर्षांनुवर्षे साक्षीदाराच्या माहितीतला असलेला माणूस आणि काही सेकंद दिसलेला परका, यांच्या ओळखीलाही एकच माप लावता येणार नाही. मला काळजी वाटते ती उलट प्रकारच्या बदलाची: ज्यात आधी धूसर असलेला चेहरा महिन्यांनी स्पष्ट होतो आणि वर्णन हळूहळू आरोपीकडे सरकते.

स्लेटरचे अपील अखेर 1928 मध्ये ऐकले गेले. त्याच्या चारित्र्याबद्दल न्यायाधीशांनी ज्युरीला चुकीचे मार्गदर्शन केले, या एका मुद्द्यावर त्याची शिक्षा रद्द झाली. ओळखीचा पुरावा तोलणे हे ज्युरीचेच काम होते, असे मानून न्यायालयाने त्या पुराव्याच्या आधारे दिलेला कौल अवाजवी ठरवण्यास नकार दिला.