भिंतीवरची ओल नेमकी येते कुठून?

छतावर पाण्याचा डाग पडला की त्याची कडा मधल्या भागापेक्षा गडद दिसते. स्लॅब आणि गिलाव्यातून झिरपताना पाणी सोबत क्षार, गंज, जुन्या रंगातले घटक घेऊन येतं. ओला भाग जिथे संपतो त्या कडेला पाणी सर्वांत वेगाने उडून जातं आणि सोबतचा ऐवज तिथेच साचतो. एकात एक अशा दोन-तीन कडा दिसल्या, तर पाणी थांबून थांबून, वेगवेगळ्या वेळी आलं आहे असं समजायचं. म्हणजे डाग वाचता येतो. पण पाणी कुठे बाहेर पडलं एवढंच तो सांगतो, कुठून शिरलं हे नाही. मुंबई-ठाण्यापासून रत्नागिरी-पणजीपर्यंत दरवर्षी कितीतरी घरांत वॉटरप्रूफिंगचा खर्च पाण्यात जातो, तो या दोन जागा एकच समजल्यामुळे.

जुन्या इमारतींत बाथरूमचा स्लॅब बाकीच्या घरापेक्षा खाली घेतलेला असतो. बांधकामवाले त्याला संक म्हणतात. त्यात विटांचे तुकडे आणि मसाला भरून वर फरशी बसवतात, पाइप त्या भरावातूनच जातात. नहाणी ट्रॅपचा, म्हणजे फरशीतल्या निचऱ्याच्या भांड्याचा, सांधा उघडला किंवा फरशीच्या फटीतलं सिमेंट झिजलं की पाणी थेट खाली टपकत नाही. आधी सगळा भराव भिजतो. मग पाणी उतार पकडतं, स्लॅबमधली एखादी बारीक भेग किंवा वायरिंगची नळी गाठतं आणि खालच्या घरात भलत्याच खोलीत, कधी चक्क पंख्याच्या हुकातून बाहेर येतं. असं झालं तर सर्वांत आधी त्या सर्किटचा स्विच मेनवरून बंद करा, बाकी सगळं नंतर.

चांगला तपासनीस उपकरणांची पेटी उघडण्याआधी बराच वेळ प्रश्न विचारतो. ओल कधी वाढते? फक्त पाऊस लागला की वाढत असेल, आणि तीही वारा एका बाजूने असताना, तर संशय बाहेरच्या भिंतीवर, खिडकीच्या चौकटीवर किंवा गच्चीवर जातो. उन्हाळ्यातही रात्रंदिवस सारखीच टपकत असेल, तर सतत दाब असलेली पाण्याची लाइन फुटलेली असण्याची शक्यता जास्त. सकाळी वरच्या घरातल्या आंघोळी आटोपल्यावर वाढून संध्याकाळपर्यंत ओसरत असेल, तर सांडपाण्याचा पाइप किंवा बाथरूमची फरशी. महापालिकेचं पाणी ठरावीक वेळी येतं त्या इमारतींत हे वेळापत्रक फारच उपयोगी पडतं. म्हणून तपासणीच्या आधी आठवडाभर डागाभोवती पेन्सिलीने रेघ मारून शेजारी तारीख आणि वेळ लिहून ठेवा. त्यातून मिळणारी माहिती कुठलंही यंत्र एका भेटीत देऊ शकत नाही.

आता यंत्रांकडे. दोन टोकदार पिना असलेला मॉइश्चर मीटर त्या पिनांमधला विद्युतरोध मोजतो. ओलं साहित्य वीज जास्त वाहून नेतं. अडचण अशी की हे मीटर मुळात लाकडासाठी बनवलेले असतात आणि भिंतीत लोणा असेल, म्हणजे क्षार फुटलेले असतील, तर भिंत जवळपास कोरडी असूनही आकडा चढा दिसतो. त्यामुळे ‘२५ टक्के ओल’ अशा एकट्या आकड्याला फारसा अर्थ नाही. त्याच भिंतीवर फूट-फूट अंतराने आकडे घेऊन नकाशा काढला, तर ओल कुठल्या दिशेने वाढत जाते ते कळतं. पिना न टोचता मोजणारे मीटर दुसऱ्या तत्त्वावर चालतात: पाण्याचा विद्युत-अपार्यता स्थिरांक (विद्युत क्षेत्राला पदार्थ किती प्रतिसाद देतो त्याचा आकडा) सुमारे ८० असतो, तर कोरड्या गिलाव्याचा १० पेक्षाही कमी. हा फरक त्यांना वरूनच जाणवतो, पण आतली सळई किंवा पाइपही त्यांना फसवू शकतो. खात्रीचं मोजमाप हवं असेल तर भिंतीला छोटं भोक पाडून भुकटी काढतात आणि बंद डब्यात कॅल्शियम कार्बाइडसोबत हलवतात. पाण्याशी क्रिया होऊन ॲसिटिलीन वायू सुटतो आणि त्याच्या दाबावरून पाण्याचं प्रमाण मिळतं.

थर्मल कॅमेऱ्याबद्दल मोठा गैरसमज आहे. तो भिंतीच्या आत पाहत नाही, फक्त पृष्ठभागाचं तापमान दाखवतो. १ ग्रॅम पाण्याची वाफ व्हायला सुमारे २.४ किलोजूल उष्णता लागते. ती भिंतीतूनच घेतली जाते, म्हणून ओला भाग आजूबाजूपेक्षा किंचित थंड असतो आणि पडद्यावर निळसर उमटतो. पण जुलैत हवेतली आर्द्रता ९० टक्क्यांच्या वर गेली की बाष्पीभवन जवळपास थांबतं आणि हा फरक पुसला जातो. म्हणजे गळती सर्वांत जोरात असते तेव्हाच कॅमेरा सर्वांत कमी सांगतो. पाऊस ओसरल्यावर, ऑक्टोबरच्या कोरड्या उन्हात, भिंती अजून आतून ओल्या असताना त्याची चित्रं बोलकी येतात. कॅमेऱ्यात थंड दिसलेली प्रत्येक जागा मीटरने तपासून घ्यायला हवी, कारण एसीच्या झोताखालची भिंतही तितकीच निळी दिसते.

एसीवरून आठवलं. कधीकधी गळती नसतेच. बाहेरची हवा ३० अंश सेल्सिअस आणि आर्द्रता ८० टक्के असेल, तर तिचा दवबिंदू, म्हणजे ज्या तापमानाला वाफेचं पाणी व्हायला लागतं तो, सुमारे २६ अंश असतो. शेजारच्या बेडरूममध्ये एसी रोज रात्रभर २२-२३ वर चालत असेल, तर मधली भिंत या दवबिंदूहून थंड होऊ शकते आणि तुमच्या बाजूला हवेतलीच वाफ तिच्यावर पाणी होऊन बसते. कपाटामागे, जिथे हवा खेळत नाही, तिथे काळी बुरशी धरते. अशा भिंतीवर वॉटरप्रूफ रंगाचे कितीही हात मारले तरी उपयोग नाही. तळमजल्यावर वेगळंच घडतं. जमिनीतलं पाणी विटांच्या सूक्ष्म छिद्रांतून केशाकर्षणाने वर चढतं. १ मिलिमीटर त्रिज्येच्या नळीत पाणी जेमतेम दीड सेंटिमीटर चढतं, पण त्रिज्या ०.०१ मिलिमीटर असेल तर जवळपास दीड मीटर. प्रत्यक्षात बाष्पीभवनामुळे ही ओल साधारण मीटरभर उंचीवर थांबते आणि तिथे क्षारांचा पांढरा पट्टा उमटतो.

संशयाची जागा ठरली की प्रयोग करून ती सिद्ध करावी लागते. गच्चीवर किंवा बाथरूममध्ये निचऱ्याचं तोंड बंद करून एक-दोन दिवस पाणी तुंबवतात आणि खाली लक्ष ठेवतात. दोन-तीन जागांवर संशय असेल तर पाण्यात फ्लुरोसीनसारखा चमकदार रंग मिसळतात. पाइपच्या बाबतीत लाइन बंद करून पंपाने दाब देतात आणि गेजचा काटा उतरतो का ते पाहतात. एका वेळी एकच जागा तपासायची, हा नियम मोडला की निष्कर्ष गेला.

या सगळ्यात मला सर्वांत काळजी वाटते ती सळयांची. ताज्या काँक्रीटचा पीएच १२.५ च्या वर असतो. त्या अल्कधर्मी वातावरणात लोखंडावर संरक्षक थर टिकतो. हवेतला कार्बन डायऑक्साइड हळूहळू आत शिरून पीएच ९ च्या आसपास आणतो, थर जातो, आणि गळतीचं पाणी मिळालं की गंज वेगाने धरतो. गंज मूळ लोखंडापेक्षा दुप्पट ते सहापट जागा व्यापतो. त्या दाबाने काँक्रीट फुटतं आणि स्लॅबचे पोपडे पडतात. अशा वेळी प्लंबर किंवा रंगारी पुरेसा नाही, स्ट्रक्चरल इंजिनिअरच हवा. तो फिनॉल्फ्थॅलीन हे रंग बदलणारं रसायन फवारून काँक्रीट अजून अल्कधर्मी आहे का पाहतो (गुलाबी झालं तर आहे) आणि अर्ध-घट चाचणीने, म्हणजे काँक्रीटवर एक प्रमाण घट टेकवून, सळयांचा विद्युत विभव (व्होल्टेज) मोजतो. कॉपर सल्फेट घटाच्या तुलनेत तो उणे ३५० मिलिव्होल्टच्या खाली गेला, तर तिथे गंज चालू असण्याची शक्यता ९० टक्क्यांहून अधिक मानतात. मुंबईत ३० वर्षांहून जुन्या इमारतींचं संरचनात्मक परीक्षण नोंदणीकृत इंजिनिअरकडून करून घेणं महापालिका अधिनियमाच्या कलम ३५३ ब नुसार बंधनकारक आहे.

तपासणी कोणाकडून करून घ्यावी? माझं मत स्पष्ट आहे: जो उपाय विकतो त्याच्याकडून नाही. ‘मोफत तपासणी’ करणाऱ्या माणसाला गळतीचं कारण त्याच्याच डब्यातल्या रसायनाने बुजण्यासारखं सापडण्याची शक्यता फार. फी द्या आणि अहवालात मोजमापांचा नकाशा, फोटो, त्या दिवशीचं तापमान-आर्द्रता, केलेल्या चाचण्या आणि नाकारलेल्या शक्यता लेखी मागा. वरच्या मजल्याशी वाद असेल तर हाच कागद उपयोगी पडतो. गृहनिर्माण संस्थांच्या आदर्श उपविधींनुसार पावसाची आणि बाहेरच्या सामाईक पाइपांची गळती संस्थेने दुरुस्त करायची असते, घरातल्या बाथरूम-सिंकची त्या सभासदाने. घरात दम्याचा रुग्ण किंवा लहान मूल असेल तर तपासणी पुढे ढकलू नका. ओल आणि बुरशीमुळे श्वसनाचे त्रास वाढतात, हे जागतिक आरोग्य संघटनेने २००९ च्या मार्गदर्शक तत्त्वांत नोंदवलं आहे.

दुरुस्तीनंतर डाग लगेच जाणार नाही. विटांची भिंत सुकायला दर २५ मिलिमीटर (सुमारे एक इंच) जाडीला ढोबळमानाने एक महिना धरतात. म्हणजे नऊ इंची भिंतीला नऊ महिने, आणि कोकणच्या हवेत त्याहूनही जास्त. तोवर रंग लावू नका. महिन्या-दीड महिन्याने त्याच मीटरने, त्याच खुणांवर पुन्हा आकडे घ्यायला सांगा. ते उतरत असतील तर काम बरोबर झालं आहे, डाग अजून दिसत असला तरी.