टीपी (वनोपजाचा वाहतूक परवाना) कोणाच्या हातात? गडचिरोलीतल्या शासन-संघर्ष अभ्यासाची पार्श्वभूमी

महाराष्ट्रातलं राज्यशास्त्र बराच काळ साखर कारखाने, जिल्हा परिषदा आणि निवडणुकांतली जातीची गणितं यांतच रमलं. ते काम मोलाचं आहे, पण गडचिरोलीला त्यात फारशी जागा नव्हती. 26 ऑगस्ट 1982 ला चंद्रपूरमधून हा जिल्हा वेगळा झाला. त्याच सुमारास प्राणहिता-गोदावरी ओलांडून आलेली नक्षलवाद्यांची सशस्त्र दलमं, म्हणजे तुकड्या, सिरोंचा-अहेरीच्या जंगलात पाय रोवत होती. त्यांनी आधी हात घातला मजुरीच्या प्रश्नाला: 70 पानांच्या तेंदू पुड्याचा दर आणि कागद कारखान्यासाठीची बांबूतोड. लिखाण मात्र पुढे बरीच वर्षं चकमकी आणि बळींच्या आकड्यांतच अडकलं.

शासन आणि संघर्ष एकत्र अभ्यासायला भाग पाडलं ते बांबूने. 1927 च्या वन कायद्याने बांबूला झाडांत मोजलं होतं. 1996 च्या पेसाने, म्हणजे आदिवासीबहुल अनुसूचित क्षेत्रांतल्या पंचायतींच्या कायद्याने, तिथल्या गौण वनोपजाची (लाकूड सोडून जंगलातून मिळणाऱ्या तेंदूपानांसारख्या मालाची) मालकी ग्रामसभेला दिली, पण त्यात बांबू येतो की नाही हे सांगितलं नाही. 2006 च्या वनहक्क कायद्याने त्याचं नाव स्पष्ट घेतलं. धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाला 2009 मध्ये सुमारे 1,800 हेक्टरवर सामूहिक वनहक्क मिळाला. गावाने बांबू विकायला काढला, तेव्हा वनखात्याने वाहतूक परवाना, म्हणजे टीपी, नाकारली. टीपीशिवाय बांबू गावाबाहेर नेणं हा गुन्हा, मग मालकी उरते कशात?

खात्याची बाजू अगदीच पोकळ नव्हती. जुना कायदा रद्द झालेला नव्हता आणि जंगल ओरबाडलं जाईल ही भीतीही खोटी म्हणता येणार नाही. पण हाच बांबू वर्षानुवर्षं कागद कारखान्याला दिला जात होता, तेव्हा ही काळजी कुठे होती? मला तो नकार अन्यायाचाच वाटतो.

मार्च 2011 मध्ये केंद्रीय पर्यावरणमंत्र्यांनी सगळ्या मुख्यमंत्र्यांना पत्र पाठवून बांबूला गौण वनोपज मानायला सांगितलं. 27 एप्रिलला ते राज्याच्या मुख्यमंत्र्यांसह मेंढ्यात आले आणि टीपीचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिलं. सप्टेंबर 2012 च्या वनहक्क नियमांतल्या दुरुस्तीने हा अधिकार देशभरच्या ग्रामसभांना मिळाला. 1927 च्या वन कायद्यात 2017 ला झालेल्या दुरुस्तीशी अनेक जण याची गल्लत करतात. ती फक्त वनेतर जमिनीवरच्या बांबूपुरती होती.

तेव्हापासून अभ्यासकाच्या हाती ग्रामसभेचं इतिवृत्त, तेंदू लिलावाची जाहिरात, गावाचं बँक पासबुक असे नवे कागद आले. ऑक्टोबर 2025 मध्ये माओवाद्यांच्या एका वरिष्ठ नेत्याने सुमारे 60 साथीदारांसह गडचिरोलीत शस्त्रं खाली ठेवली. याच जिल्ह्यातल्या सुरजागडच्या लोहखाणीचा वाद मात्र मिटलेला नाही. परिसरातल्या ग्रामसभांचा विरोध असूनही तिथे उत्खनन चालू आहे. ग्रामसभेची संमती कोणी, केव्हा आणि कशी घेतली, हे आता कागदोपत्री तपासायला हवं.