संगीत व्हिडिओ आणि रॉक संगीत

गाण्याच्या प्रसारासाठी दूरचित्रवाणीवर दाखवण्यात येणारी छोटी चित्रफीत म्हणजे संगीत व्हिडिओ. १९८० च्या दशकात या प्रकाराने रॉकमध्ये कोण तारा होणार, हे ठरवण्याची रेडिओची सत्ता मोडून काढली.

सुरुवात मात्र त्याआधीची आहे. १९७५ मध्ये ‘क्वीन’ या ब्रिटिश रॉक गटाने ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’चा व्हिडिओ केला. अनेक आवाज एकावर एक चढवून ध्वनिमुद्रित केलेले हे गाणे स्टुडिओत जसेच्या तसे सादर करणे अशक्यच होते. बीबीसीच्या ‘टॉप ऑफ द पॉप्स’मध्ये मग तो व्हिडिओच दाखवला गेला. या गटाचा गायक फ्रेडी मर्क्युरी लहानपणी पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत शिकला होता.

१ ऑगस्ट १९८१ रोजी अमेरिकेत एमटीव्ही ही केबल वाहिनी सुरू झाली. दिवसभर गाणी दाखवायची, तर हाताशी व्हिडिओ हवेत, आणि अमेरिकी गटांकडे ते फारसे नव्हते. ब्रिटिश गटांकडे होते. त्यामुळे एरवी अमेरिकी रेडिओने दारातही उभे केले नसते, असे गट घरोघरी पोहोचले. ‘ड्युरान ड्युरान’ने तर श्रीलंकेत जाऊन चित्रीकरण केले. त्यांच्या यशात संगीताइतकाच वाटा कपड्यांचा, केसांचा आणि त्या निसर्गदृश्यांचा होता, हे मान्य करायला हवे.

वाहिनीची सर्वांत मोठी उणीव म्हणजे कृष्णवर्णीय कलाकारांना मिळणारी नगण्य जागा. आपण रॉक वाहिनी आहोत, हे त्यावरचे समर्थन लंगडे होते. १९८३ मध्ये ब्रिटिश रॉक गायक डेव्हिड बोवीने एमटीव्हीच्याच मुलाखतीत याचा जाब विचारला. त्याच वर्षी मायकेल जॅक्सनच्या ‘बिली जीन’ने ती भिंत फोडली. त्याच्याच ‘बीट इट’मध्ये रॉक गिटारवादक एडी व्हॅन हेलनचे वादन होते, त्यामुळे हे रॉक नाही म्हणायची सोयही उरली नाही. वर्षाअखेरीस आलेला ‘थ्रिलर’ सुमारे १४ मिनिटांचा, जवळजवळ लघुपटच होता.

कॅमेऱ्याने जुन्या कलाकारांचेही नशीब बदलले. टेक्सासच्या ‘झीझी टॉप’ या रॉक गटाच्या लांब दाढ्या आणि लाल फोर्ड गाडी ही त्यांची ओळख बनली. उलट, १९८४ मध्ये अमेरिकी रॉक गायक बिली स्क्वायर एका व्हिडिओत शयनगृहात नाचताना दिसला. कारकीर्द घसरल्याचा दोष तो त्या व्हिडिओलाच देत आला. ‘मेटॅलिका’ या हेवी मेटल गटाने १९८९ पर्यंत व्हिडिओ केलाच नाही, तरी मैफली आणि कॅसेटींच्या बळावर त्याचा श्रोतृवर्ग वाढत गेला. १९९१ मध्ये ‘निर्वाणा’ या गटाने मात्र शाळेच्या व्यायामशाळेचा धुरकट देखावा वापरून अमेरिकेतील सिएटल शहराचे रॉक संगीत जगभर नेले.

भारतात एमटीव्ही १९९१ मध्ये स्टार टीव्हीमार्फत दिसू लागली. मुंबईच्या ‘इंडस क्रीड’ या रॉक गटाला ‘प्रिटी चाइल्ड’ या व्हिडिओसाठी १९९३ मध्ये एमटीव्हीचा आशियाई प्रेक्षक-पसंती पुरस्कार मिळाला. १९९६ मध्ये एमटीव्ही इंडिया आली, पण लवकरच तिचा बराचसा वेळ हिंदी चित्रपटगीतांकडे गेला आणि इंग्रजी रॉक गाणाऱ्या भारतीय गटांची पडद्यावरची जागा आक्रसली.